विचारलं होतं का कुणाला?

(राज्ये जन्मतात कशी आणि टिकतात कशी : हिंगोली जिल्ह्यातील सभांतून दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)

आज आम्ही तुमच्यापुढे इतिहास मांडणार आहोत. भिऊ नका. राजांच्या वंशावळी आणि लढायांच्या तारखा तुमच्याकडून पाठ करून घेण्याचा आमचा बेत नाही. जगात राष्ट्रे आणि राज्ये जन्माला येतात कशी, त्यांच्या सीमा आखतो कोण, आणि एक सीमा शेकडो वर्षे टिकते तर दुसरी पंचवीस वर्षांत फाटते ती का, एवढाच आजचा विषय. विषय जगाचा आहे खरा. पण सुरुवात लंडन-पॅरिसपासून करण्याचे कारण नाही. आपल्या उशाशी पैनगंगा वाहते आहे. तिच्यापासूनच सुरुवात करू.

पैनगंगेचे दोन काठ

नदीच्या अलीकडे आपली सेनगाव, हिंगोली, कळमनुरी. पलीकडे वाशीम, पुसद, उमरखेड. दोन्ही काठांवर काळी जमीन. दोन्ही काठांवर कापूस आणि ज्वारी. इकडच्या लेकी तिकडे दिलेल्या, तिकडच्या इकडे आणलेल्या. जात्यावरची ओवी तीच, आणि आषाढीला पंढरीची वाटही तीच. नदीला विचारले तर ती म्हणेल, मी दोन्ही काठांना सारखेच पाणी पाजते.

आणि तरीही जवळजवळ शंभर वर्षे ही नदी दोन राजवटींमधली सीमा होती. अलीकडे निजाम, पलीकडे इंग्रज. अलीकडे हाली रुपया, पलीकडे कलदार. माल घेऊन हद्द ओलांडायची तर करोडगिरीच्या नाक्यावर जकात भरा. अलीकडे कचेरीची भाषा उर्दू, पलीकडे कचेरीत मराठी आणि इंग्रजी. भावाच्या गावाला जायचे म्हणजे दुसऱ्या सरकारच्या मुलखात जायचे.

ही सीमा आली कुठून? मंडळी, तिचे मूळ या हिंगोलीतच आहे. हैदराबादच्या निजामाच्या खर्चाने पोसलेली, पण इंग्रज अंमलदारांच्या हुकमतीखाली चालणारी एक फौज होती. तिला कंटिंजंट म्हणत. तिच्या छावण्या जालना, औरंगाबाद, मोमिनाबाद म्हणजे आजचे अंबाजोगाई, आणि आपल्या हिंगोलीला होत्या. फौज निजामाच्या पैशाची आणि कामाची इंग्रजांच्या. पगार थकला, कर्ज वाढले, आणि १८५३ साली लॉर्ड डलहौसीने कर्जाच्या नि फौजेच्या खर्चाच्या वसुलीपोटी निजामाकडून वऱ्हाड काढून घेतला. कागदावर मालकी निजामाची, ताबा इंग्रजांचा. १९०२ साली नवा करार झाला आणि वर्षाला २५ लाख रुपये घेऊन निजामाने वऱ्हाड इंग्रजांना कायमचा लावून दिला. पुढे तो मध्यप्रांताला जोडला गेला.

म्हणजे काय झाले? फौजेच्या पगाराची बाकी थकली, म्हणून पैनगंगेच्या पलीकडचा सबंध मुलूख गहाण पडला. बैल गहाण टाकावा तसा माणसांनी भरलेला प्रांत गहाण टाकला. या व्यवहारात डलहौसी होता, निजाम होता, दिवाण होते. त्या मुलखात राहणारी रयत कुठे होती? सेनगावच्या कुळवाड्याला किंवा पुसदच्या विणकराला कोणी एका शब्दाने तरी विचारले का?

विचारलं होतं का कुणाला?

बंधुभगिनींनो, हा प्रश्न ध्यानात ठेवा. आज आपण जगभर हिंडणार आहोत आणि जाऊ तिथे हाच एक प्रश्न विचारणार आहोत.

तहनाम्यांचे जग

त्याआधीही कोणी विचारले नव्हते. १७२४ साली इथून जवळच, आजच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या साखरखेर्ड्याला, निजामउल्मुल्काने मुबारिजखानाचा पराभव केला आणि दख्खनेत आपली गादी पक्की केली. एका दिवसाच्या लढाईने सव्वादोनशे वर्षांचे राज्य उभे राहिले. त्या काळी जगभर हीच रीत होती. ज्याची तलवार त्याचा मुलूख, आणि माणसे मुलखाबरोबर फुकट.

युरोपात पोलंड नावाचे राष्ट्र होते. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया या तीन शेजाऱ्यांनी १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन वाटण्यांत ते खाऊन टाकले. नकाशावर पोलंड उरले नाही. एकशे तेवीस वर्षे उरले नाही! मग १९१८ साली ते पुन्हा उभे राहिले कसे? राजा नव्हता, फौज नव्हती, टपालाचे तिकीट नव्हते. भाषा मात्र होती. १९०१ साली व्झेश्न्या गावच्या शाळेत धर्माचे धडे जर्मन भाषेत म्हणण्याची सक्ती झाली, तेव्हा पोलिश पोरांनी नकार दिला. मास्तरांनी छड्या मारल्या. पोरे हटली नाहीत. आईच्या भाषेतली प्रार्थना ज्या पोरांनी मार खाऊन जपली, त्यांचेच राष्ट्र सतरा वर्षांनी नकाशावर परत आले.

आफ्रिकेचे काय? १८८४ च्या नोव्हेंबरपासून १८८५ च्या फेब्रुवारीपर्यंत युरोपातील सत्ता बर्लिनमध्ये बसल्या आणि आफ्रिका बळकावण्याचे नियम त्यांनी आपसात ठरवून घेतले. त्या मेजाभोवती आफ्रिकेचा एकही माणूस नव्हता. पुढे ज्या रेघा ओढल्या गेल्या त्यांनी एकेक जमात दोन-दोन, तीन-तीन मुलखांत चिरली गेली. त्या रेघांवर आजही रक्त सांडते आहे.

आणि लांब कशाला जायचे? १९४७ साली पंजाब आणि बंगाल यांची फाळणी करायला इंग्रजांनी रॅडक्लिफ नावाचे वकील आणले. गृहस्थांनी त्यापूर्वी हिंदुस्थान पाहिलेला नव्हता. त्यांना मिळाले अवघे पाच आठवडे. पाच आठवड्यांत कोट्यवधींच्या घरादारांवरून रेघ फिरली.

विचारण्याची रीत

पण बंधुभगिनींनो, जगात विचारण्याचीही एक रीत निघाली. ती आपल्याला माहीत असली पाहिजे.

नॉर्वे हा उत्तरेकडचा थंड देश. १८१४ साली डेन्मार्कच्या राजाने तो एका तहात स्वीडनच्या राजाला देऊन टाकला. नॉर्वेच्या लोकांनी त्याच वर्षी आपली घटना लिहिली. पण राजा स्वीडनचाच राहिला. नव्वद वर्षे हे जोडपे कसेबसे नांदले. परदेशात नॉर्वेचे स्वतःचे व्यापारी वकील असावेत की नाही, यावरून अखेर बिनसले. १९०५ च्या ऑगस्टमध्ये नॉर्वेने आपल्या लोकांना सरळ विचारले : वेगळे व्हायचे का? होय म्हणाले ३,६८,२०८. नाही म्हणाले १८४. अहो, नीट ऐका, एकशे चौऱ्यांशी! आपल्याकडच्या एखाद्या वाडीत मावतील एवढी माणसे.

आणि इथे बसलेल्या आयाबहिणींनी पुढचे ऐकावे. त्या वेळी तिथल्या बायकांना या मतदानात मत नव्हते. त्या गप्प बसल्या नाहीत. त्यांनी आपल्या सह्या गोळा केल्या, दोन लाख चव्वेचाळीस हजारांवर, आणि सांगितले, मोजा आम्हालाही. स्वीडनने शहाणपणा दाखवला, युद्ध टळले. आज ते दोन्ही देश चांगले शेजारी आहेत. विचारून झालेली वाटणी शेजारधर्म मोडत नाही, हा नॉर्वेचा धडा.

दुसरे उदाहरण स्वित्झर्लंडचे. ते आपल्याला अधिक जवळचे, कारण तिथे देश फुटला नाही, देशाच्या आत राज्य झाले. ज्युरा नावाचा फ्रेंच बोलणारा डोंगरी मुलूख १८१५ साली व्हिएन्नाच्या परिषदेत बर्नच्या राज्याला जोडला गेला. बर्न जर्मन बोलणारे. ज्युराचे लोक शतकभर कुरबुरत राहिले. तिथेही पुढे जाळपोळ झाली, बाँब फुटले. पण शेवट मतपेटीने झाला. १९७४ साली ज्युराला विचारले. मग तालुक्यांना विचारले. मग सीमेवरच्या एकेका गावाला विचारले : तुम्ही कुठे जाणार? १९७८ साली सगळ्या देशाने मतदान करून नव्या राज्याला मान्यता दिली आणि १ जानेवारी १९७९ रोजी ज्युरा राज्य अस्तित्वात आले. मूत्ये नावाचे एक गाव मागे बर्नमध्ये राहिले होते. त्याने २०२१ साली पुन्हा मतदान केले, ज्युराकडे कौल दिला, आणि १ जानेवारी २०२६ पासून ते गाव ज्युराचे. एका गावासाठी एवढा सुसंस्कृत देश इतकी वर्षे पुन्हा पुन्हा विचारीत राहिला, यात त्याची मानहानी झाली नाही. त्याचा मोठेपणा दिसला.

आता हेच माप आपल्या घराला लावू.

हैदराबादचे कुलूप

निजामाच्या राज्यात सुमारे निम्मे लोक तेलुगू बोलणारे, चौथा हिस्सा मराठी, आणि उरलेल्यात मुख्यतः कानडी व उर्दू. सोळा जिल्हे होते : आठ तेलंगणाचे, पाच मराठवाड्याचे, तीन कर्नाटकाचे. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यात. आणि कारभाराची भाषा मात्र बहुतेक रयतेला न कळणारी.

आमचे उर्दूशी भांडण नाही, हे स्वच्छ सांगतो. सिराज औरंगाबादीसारखा शायर ज्या मातीने दिला ती माती आमचीच आहे. १९१८ साली उस्मानिया विद्यापीठ निघाले तेव्हा देशी भाषेतून वरचे शिक्षण देण्याचे धाडस त्याने केले, याचे कौतुकही करू. पण ती देशी भाषा रयतेच्या बहुसंख्येची नव्हती. कळमनुरीच्या पोराने वरचे शिकायचे तर आधी आईची भाषा उंबऱ्याबाहेर काढून ठेवायची. व्झेश्न्याच्या पोरांची गोष्ट मघाशी ऐकलीत ना? आपल्याकडे छडीची गरज नव्हती, दार बंद असणेच पुरेसे होते.

म्हणून इथले राज्य मागण्याचे काम शाळेपासून सुरू झाले. हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा १९२१ ची. तिथे आणि पुढे अंबाजोगाईला स्वामी रामानंद तीर्थांनी पोरे घडवली. १९३७ साली परतूरला महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन झाले. १९३८ साली स्टेट काँग्रेसवर ती स्थापन होण्यापूर्वीच बंदी आली. सत्याग्रह झाला, तुरुंग भरले. त्याच वर्षी उस्मानियाच्या विद्यार्थ्यांनी वंदे मातरम् म्हटले म्हणून त्यांना काढून टाकले गेले.

१५ ऑगस्ट १९४७ ला देश स्वतंत्र झाला, आणि पैनगंगेच्या पलीकडे तिरंगा चढला. अलीकडे? अलीकडे निजामाने भारतात यायला नकार दिला आणि रझाकारांचा धुमाकूळ सुरू झाला. मग ही नदी पहिल्यांदा आपल्या कामी आली. पलीकडे उमरखेडला मुक्तिसैनिकांचा कॅम्प होता. नदी ओलांडून माणसे जात, नदी ओलांडून हत्यारे येत. वसमतच्या महाविद्यालयाला ज्यांचे नाव आहे ते हुतात्मा बहिर्जी याच लढ्यातले. १३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौजा आत आल्या आणि १७ तारखेला निजाम शरण आला.

दोन गोष्टी इथे आवर्जून सांगितल्या पाहिजेत, कारण सभेत टाळ्यांसाठी त्या गाळल्या जातात. हैदराबादने भारतात यावे असे लिहिणारा 'इमरोज'चा संपादक शोएबुल्लाखान मुसलमान होता, आणि ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनी त्याचा खून केला. दुसरी गोष्ट : पोलीस कारवाईनंतर अनेक गावांत निरपराध मुसलमानांवर सूड उगवला गेला. सुंदरलाल समितीने तो नोंदवून ठेवला आहे. लढा निजामशाहीशी होता, शेजाऱ्याशी नव्हता. जे राज्य शेजाऱ्याच्या रक्तावर उभे राहते त्याच्या पायात वाळवी असते.

महाराष्ट्र कसा जुळला

निजामी गेली. पण मराठी माणूस अजून तीन राज्यांत होता. मुंबई राज्यात एक हिस्सा, मध्यप्रदेशात विदर्भ, हैदराबादेत मराठवाडा. गोमंतक तर पोर्तुगीजांच्या दाढेत, १९६१ पर्यंत. १९४६ साली बेळगावच्या साहित्य संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला होता. काँग्रेसने १९२० पासून भाषावार प्रांतांचे तत्त्व मानले होते. पण स्वातंत्र्य हाती आल्यावर दिल्लीला भीती वाटू लागली, की भाषेवर राज्ये केली तर देशाचे तुकडे पडतील. आंध्रसाठी पोट्टी श्रीरामुलू यांनी १९५२ च्या डिसेंबरात उपोषणात प्राण सोडला, तेव्हा कुठे १९५३ साली आंध्र राज्य झाले, आणि राज्य पुनर्रचना आयोग नेमला गेला.

१९५५ साली फाजल अली आयोगाने काय सांगितले? मराठवाडा गुजरातीसह द्विभाषिक मुंबईत घाला आणि विदर्भ वेगळा ठेवा. म्हणजे पुन्हा पैनगंगेची भिंत! निजामही गेला होता, इंग्रजही गेला होता, आणि भिंत मात्र तशीच राहणार होती. महाराष्ट्र उठला. मुंबईत फ्लोरा फाउंटनवर गोळ्या झाल्या. १०५ हुतात्मे म्हणून ज्यांना आपण स्मरतो ते गिरणीचे कामगार, फेरीवाले, शाळकरी पोरे होती. चिंतामणराव देशमुखांनी केंद्रातले अर्थमंत्रिपद सोडले. १ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्य मोडून त्याचे तीन भाग झाले. मराठवाडा आणि विदर्भ दोन्ही द्विभाषिक मुंबईत आले. पैनगंगेचे दोन्ही काठ पुन्हा एका राज्यात आले. आणि १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला.

देशाचे तुकडे पडले का? नाही. तुकडे कुठे पडले ते पाहा. पाकिस्तान एका धर्माच्या नावाने उभे राहिले. पूर्वेकडचे बंगाली म्हणाले, आमची भाषाही राजभाषा करा. २१ फेब्रुवारी १९५२ ला ढाक्यात त्यांच्या पोरांवर गोळ्या घातल्या गेल्या. ती भाषा मान्य करायला सरकारला चार वर्षे लागली, आणि कारभारातला व पैशातला वाटा तर कधीच मिळाला नाही. १९७१ साली बांगलादेश झाला. पंचवीस वर्षेही नाहीत! पुढे २१ फेब्रुवारी हा जगाचा मातृभाषा दिन ठरला. भारताने भाषा मान्य केल्या, आणि भारत एक राहिला. भीती दाखवणारांना इतिहासाने दिलेले हे उत्तर आहे.

मात्र सगळ्यांना विचारून झाले असेही नाही. बेळगाव, निपाणी, कारवार, आणि आपल्या जुन्या हैदराबाद राज्यातल्या बीदर, भालकी भागातली मराठी गावे म्हैसुरात गेली. महाराष्ट्राचा दावा आज ८६५ गावांचा आहे. १९६६ साली महाजन आयोग नेमला गेला. त्याचा अहवाल महाराष्ट्राने नाकारला. २००४ पासून दावा सर्वोच्च न्यायालयात पडून आहे. आंध्र आणि मद्रासच्या सीमेवर पाटसकरांनी गाव हा घटक धरून वाटणी केली, ती १९६० साली अमलात आली. मूत्येच्या एका गावाला विचारता येते, तर आमच्या गावांना का नाही? ही मागणी कन्नड भावाच्या विरुद्ध नाही. आपल्याकडे राहिलेल्या कन्नड आणि तेलुगू गावांनाही हाच न्याय लावायला आपण तयार असलो पाहिजे. माप एकच हवे.

भाषा दार उघडते; घर टिकवते न्याय

आता शेवटचा आणि कठीण भाग. इथे टाळ्या कमी पडतील, पण ऐकून घ्या.

निजामाच्या कोठडीत आपला सोबती कोण होता? तेलंगणा. १९५६ साली तो आंध्राला जोडला गेला. भाषा तेलुगू तिकडेही, तेलुगू इकडेही. तेव्हाच सज्जनांचा करार झाला होता, नोकऱ्यांची आणि खर्चाची हमी दिली होती. हमी पाळली गेली नाही, असे तेलंगणाचे लोक पन्नास वर्षे सांगत राहिले. १९६९ साली रक्त सांडले. आणि २ जून २०१४ ला तेलंगणा वेगळा झाला. भाषा एक असूनही!

याचा अर्थ काय? भाषा माणसांना एका घरात आणते. पण त्या घरात एका भावाच्या ताटात तूप आणि दुसऱ्याच्या ताटात ताक पडू लागले, तर भाषा एकटी घर सांभाळू शकत नाही.

हे धोक्याचे बोट डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५५ सालीच दाखवले होते. एका राज्यात एक भाषा असावी, हे त्यांना मान्य होते. पण एका भाषेचे सगळे लोक एकाच राज्यात कोंबलेच पाहिजेत, हे त्यांना मान्य नव्हते. मराठवाड्याचे वेगळे राज्य असावे असे त्यांनी सुचवले, कारण मोठ्या घरात मागासलेल्या मुलखाकडे दुर्लक्ष होईल आणि लहान जमाती बहुसंख्येखाली दबतील, ही भीती त्यांना दिसत होती. ते नुसते बोलले नाहीत. १९५० साली औरंगाबादेत त्यांनी महाविद्यालय काढले होते. आम्ही संयुक्त महाराष्ट्राच्या बाजूचे आहोत आणि राहू. पण बाबासाहेबांचा प्रश्न खोटा होता, असे म्हणण्याची आमची छाती नाही.

कारण वचने दिली होती. १९५३ च्या नागपूर करारात मराठवाड्याच्या शिक्षणाकडे आणि विकासाकडे खास लक्ष देण्याचे ठरले. घटनेच्या ३७१ व्या कलमात विकास मंडळांची तरतूद झाली. १९८४ साली दांडेकर समितीने अनुशेष मोजून दाखवला. मंडळे मात्र निघाली १९९४ ला, म्हणजे तरतुदीनंतर अडतीस वर्षांनी, आणि २०२० साली मुदत संपून ती थांबली. विद्यापीठ आले १९५८ ला, उच्च न्यायालयाचे खंडपीठ १९८१ ला. आपला हिंगोली जिल्हा झाला १ मे १९९९ ला. तोवर कलेक्टर कचेरीसाठी परभणीची वाट धरावी लागे. मिळाले नाही असे नाही. पण प्रत्येक गोष्ट मागून, थांबून, पुन्हा मागून मिळाली.

आणि आता प्रश्न उलटा फिरवू. आपण मराठी माणसे आपल्या राज्यात बहुसंख्य झालो. आपण विचारतो का कुणाला? कळमनुरीच्या आंध आदिवासी वस्तीला कोणी विचारले, तुमची शाळा कशी चालते? तांड्यावरचे बंजारा पोर घरात गोरबोली बोलते. पहिलीच्या वर्गात त्याला मराठी परकी वाटते, हे कोणी ध्यानात घेतले? निजामाने आपल्यावर केले ते आपण धाकट्या भावावर करणार असू, तर मग राज्य बदलले कशाला? फक्त बसणारा बदलला, बैठक तीच राहिली!

नामदेव महाराजांचे नरसी इथून किती लांब आहे? आपल्याच जिल्ह्यात. हा शिंपी मराठीत गायला आणि पंजाबपर्यंत गेला. त्यांची एकसष्ट पदे शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात आहेत. पंजाबातल्या घुमानला २०१५ साली मराठी साहित्य संमेलन भरले ते त्यांच्याच नात्याने. आपली भाषा अभिमानाने बोलावी आणि दुसऱ्याची आदराने ऐकावी, हे शिकायला आपल्याला स्वित्झर्लंडला जावे लागत नाही.

आता काय करायचे?

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ ला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. आनंद झाला. पण दर्जा भिंतीवर लावायचा कागद नव्हे. औंढ्याजवळ दुधाळ्याला लायगोची वेधशाळा उभारायला केंद्राने २०२३ साली २,६०० कोटी रुपये मंजूर केले. आकाशातल्या गुरुत्वलहरी तिथे मोजल्या जाणार. फार मोठी गोष्ट! पण शेजारच्या गावातल्या पोराला तिथले विज्ञान आपल्या भाषेत समजावून देणारे पुस्तक आणि मास्तर मिळणार आहेत का? तिथे त्याला नुसती रखवालदाराची नोकरी मिळणार असेल, तर ही वेधशाळाही एक छावणीच होईल. गाव आपले, हुकूम दुसऱ्याचा.

म्हणून आम्ही तुम्हांला तीन कामे सांगतो. ग्रामसभेला जा, आणि जाताना घरातल्या बायकांना बरोबर घ्या. तिथे हिशोब विचारा. २००५ पासून माहितीचा अधिकार आहे. तो वापरा, अर्ज मराठीत करा आणि उत्तर मराठीतच मागा. आणि गावची मराठी शाळा ओस पडू देऊ नका; तिच्यात मास्तर, पुस्तके आणि प्रयोगाचे सामान आहे की नाही ते महिन्यातून एकदा जाऊन बघा.

राज्य १ मे १९६० ला जन्माला आले हे खरे. पण ते चालते ते रोज कुणाला तरी विचारले गेल्याने. ज्या दिवशी विचारणे थांबते, त्या दिवशी राज्य पुन्हा तहनाम्यावरचे, मोहरेवरचे राज्य होते, मग कचेरीतली भाषा कोणतीही असो.

१८५३ साली पैनगंगेकाठच्या माणसाला कोणी विचारले नाही. १९०२ साली विचारले नाही. त्याला बोलायला जागाच नव्हती. आज जागा आहे. आज आपण गप्प बसलो, तर तो दोष डलहौसीवर घालता येणार नाही आणि निजामावरही नाही.

तेव्हा बंधुभगिनींनो, उद्यापासून विचारायला लागा. आणि आपल्यापेक्षा धाकट्याने विचारले, तर उत्तर द्यायला शिका.

जय महाराष्ट्र! जय हिंद!